पांढरा रंग कोणी बदलला

१२ जानेवारी

चि. ठिपकीस,

आशीर्वाद अनेक आहेत, त्यांतले उत्तम तेवढे निवडून घे.

तुझ्या सत्तरीला काय देणार हे गुपित ठेवायचं होतं, पण माझ्या पोटात गुपित राहत नाही हे तू पाच वर्षांची असल्यापासून जाणतेस. तर ऐक. आपली शाळा करतोय. सगळी नाही, एकच वर्ग, कवितेचा तास. चहाच्या ट्रेएवढ्या फळीवर एकतीस मुलं, कवितेचे मास्तर, फळा आणि डाव्या हाताची ती खिडकी. एकेक मूल माझ्या अंगठ्याच्या पेराएवढं. तिसऱ्या बाकावर मी उभा आहे. नावेची कविता म्हणायला मास्तरांनी उभं केलंय आणि तिसऱ्या कडव्यावर माझी जीभ टाळूला चिकटलीय. तू खालच्या वर्गाची हजेरी द्यायला आली होतीस. खिडकीबाहेर उभी राहून तू नुसते ओठ हलवलेस: 'नाव निघाली, काठ राहिला, हात कुणाचा हाले.' मास्तरांना कळलं नाही, मला मात्र ते आजतागायत ऐकू येतं. दुपारी खोलीत एकटा असलो की ओठ न हलवताही म्हणून घेतो.

काम बरं चाललंय. पुतळा बाटलीच्या बुचावर मेणाने चिकटवतो आणि बूच हातात धरतो, म्हणजे रंगाला बोट लागत नाही. आधी करड्या रंगाचं अस्तर देतो, मग रंग दुधाइतका पातळ करून दोन हात देतो. पहिल्या हाताला सगळं भिकार दिसतं, तिथे धीर सोडायचा नाही. आमचा दंतोबा (म्हणजे आमचे जन्माचे मित्र आणि निवृत्त दातांचे डॉक्टर) दर गुरुवारी येऊन बाकं रंगवतो. करंगळीचा टेकू त्यानेच शिकवला. म्हणतो, पन्नास वर्षं लोकांच्या हनुवटीवर करंगळी टेकली म्हणूनच हात हलला नाही. दातांतली घाण काढायचा एक जुना टोकदार आकडाही त्याने मला दिलाय. खडूचे तुकडे ठेवायला फार छान.

पण ठिपके, इथे काहीतरी शिजतंय. पांढऱ्या रंगाची नवी बाटली आणली, आठवडाभरात तो पांढरा पिवळसर पडला. मुलांचे सदरे जुन्या वर्तमानपत्रासारखे दिसायला लागले. दुकानदार म्हणाला, माल ताजा आहे. मग बाटलीत कोणी काय घातलं? माझ्या खोलीत दोघंच येतात, दंतोबा आणि सूनबाई. मी कोणावर आळ घेत नाही. नुसतं कळवतो.

सोबत काडेपेटीत कापसात गुंडाळून खिडकीतली तू पाठवतोय. बघून परत पाठव. तुझी नजर कपड्याच्या कारखान्यात पस्तीस वर्षं छटा जुळवून तयार झालेली, तेव्हा मत स्पष्ट दे.

तुझा लोभ आहे हे ठाऊक आहे, तरी लेखी कळव.

दादा

---

२० जानेवारी

ती. दादास,

शि. सा. न. (गुडघा दुखतो, म्हणून साष्टांगातलं एक अंग कमी धर.)

काडेपेटी उघडली आणि मी मलाच भेटले. वेण्या अगदी तशाच, एक वर आणि एक खाली! नाक मात्र तू सरळ केलंयस. तेवढी लाच मी घेतली.

आता मत. फ्रॉकच्या चुण्यांमध्ये गडद रंग पातळ करून सोडलास ते फार छान जमलंय. वरच्या कडांवर कोरड्या ब्रशने उजळ रंग नुसता पुसत नेलास की चुण्या आणखी उठतील. ब्रश रंगात पत्र्याच्या गळ्यापर्यंत बुडवतोस का अजून? केस फाकलेले दिसतात. टोक तेवढं बुडव आणि धुतल्यावर ओठात न धरता तळहातावर फिरवून टोक कर. तू ओठातच धरत असणार, मला माहीत आहे.

एक विचारते, रागावू नकोस. फ्रॉकच्या आतला माझा सदरा निळसर का रे? आपल्या शाळेचा सदरा पांढरा होता. कारखान्यात कधी फाजील नीळ पडलेला तागा यायचा, तो असाच दिसायचा. तू पांढऱ्यात निळा घालतोस का? आणि कुठे बसून रंगवतोस? दिव्याखाली की खिडकीशी? आम्ही छटा बघायचो ती सकाळी, खिडकीशी, ऊन थेट येत नाही अशा बाजूला. दिवा खोटं बोलतो.

दंतोबावर संशय घेऊ नकोस. तो माणूस लोकांचे दात काढताना स्वतः डोळे मिटायचा, तो तुझ्या बाटलीत काय कालवणार? आणि सूनबाईला तुझ्या धुण्याभांड्यातून वेळ मिळाला तर ना. तुझा धंदाच वाईट. चाळीस वर्षं छापखान्यात मुद्रितं तपासलीस. आता चूक सापडली नाही की तुला वाटतं, कोणीतरी लपवून ठेवली.

माझा लोभ लेखी हवा होता ना? हा घे. आता जपून ठेव.

ठिपकी

---

२ फेब्रुवारी

चि. ठिपकीस,

आशीर्वाद. आज जरा कमी, कारण रागात आहे.

निळा मी घातला हे खरं, पण बाटलीत नाही, ताटलीत. बाटली पिवळी झाली तर तो पिवळा मारायला निळ्याचा एक थेंब नको? सुरुवातीला एक पुरायचा, आता तीन लागतात. म्हणजे बाटली रोज थोडी थोडी बिघडतेय. आपोआप कसं होईल? आणि खिडकीशीच बसतो. काचही हल्ली मळलेली असते. सूनबाई म्हणते, कालच पुसली.

तू हसशील म्हणून सांगणार नव्हतो, पण मी सापळा लावला. पुतळ्यांच्या पेटीच्या झाकणावर माझा एक पांढरा केस थुंकीने आडवा चिकटवला आणि रंगाच्या बाटलीवर पातळीची बारीक पेन्सिलखूण केली. गुरुवारी दंतोबा येऊन गेला. संध्याकाळी बघतो तर पेन्सिलखूण जागच्या जागी आणि केस गायब!

मग भिंग घेऊन एकेक मूल तपासलं. पुढच्या रांगेतली तीन मुलं माझ्याकडे बघत होती. बघत होती म्हणजे काय, टक लावून! डोळ्यांचं तंत्र तुला सांगतो. आधी खोबणीत काळपट तपकिरी रेघ, त्यावर मळकट पांढरा ठिपका (शुभ्र घातला तर पोर भूत बघितल्यासारखं दिसतं) आणि मग श्वास रोखून काळा बिंदू. तो बिंदू माझा जरासा सांडल्यासारखा होतो. पण या तिघांचे बिंदू सुईच्या अग्राएवढे, गोल, नेमके. हे माझं काम नव्हे. ठिपके, माझ्या वर्गात कुणाचा तरी हात फिरलाय. नेमका हात कुणाचा असतो? ज्याने जन्मभर लोकांच्या तोंडात बारीक काम केलं, त्याचा.

मी दंतोबाला सांगितलं की येत्या गुरुवारपासून येऊ नको. त्याचा आकडा कागदात गुंडाळून परत केला. तो म्हणाला की मला वेड लागलंय. मी म्हणालो की वेड लागलेल्याच्या घरी मग येऊ नये. तो जिना उतरला तेव्हा टोपी खुंटीवरच राहिली होती. ती अजून तिथेच आहे. बासष्ट वर्षांचा मित्र. दोघं एका बाकावर बसायचो ते बाक त्यानेच परवा रंगवलं होतं, अजून पुरतं वाळलेलंही नव्हतं.

तू तरी माझ्या बाजूची आहेस, एवढा विश्वास राहू दे.

दादा

---

१० फेब्रुवारी

ती. दादास,

सा. न.

तुझं पत्र दोनदा वाचलं. दंतोबाची टोपी फार वेळ डोळ्यांपुढून हलली नाही. ती झटकून नीट ठेव, धूळ बसू देऊ नकोस. माणूस टोपी न्यायला कधीतरी येतो.

आता एक खेळ खेळ, माझ्यासाठी. आमच्या रंगखात्यात नवा माणूस आला की त्याची परीक्षा घ्यायचे. सोबत कागदाच्या सहा पट्ट्या पाठवते. मागे आकडे आहेत, ते आधी बघू नकोस. सकाळी नवाच्या सुमाराला खिडकीशी बस, चष्मा पुसून लाव आणि पट्ट्या दोन ढिगांत लाव, एका ढिगात पांढऱ्या, दुसऱ्यात ज्या पांढऱ्या नाहीत त्या. मग आकडे उलटून मला कळव. सूनबाईला विचारायचं नाही, कुणालाच विचारायचं नाही. आम्ही तसं करणाऱ्याला घरी पाठवायचो.

बाटली तेवढ्यापुरती बंद ठेव आणि दुपारी थोडा पड. हिवाळ्यात वॉर्निश मारू नकोस, ओल धरून त्यावर धुकं बसतं आणि मग त्याचाही आळ कुणावर तरी येईल.

लोभ आहेच. संशय घटावा, एवढी विनंती.

ठिपकी

---

१८ फेब्रुवारी

चि. ठिपकीस,

आशीर्वाद तुला मी नेहमीच देईन, तो काही तुझ्या वागण्यावर नाही.

पण ही थट्टा कशासाठी? सहाही पट्ट्या एकाच कागदाच्या आहेत. मी एक तास बसलो, चष्मा दोनदा पुसला. सहाही सारख्या, सहाही मळकट. दोन ढीग कसे करणार? शेवटी एकच ढीग केला. वयाने मोठ्या भावाची परीक्षा घ्यायची आणि पेपरच खोटा काढायचा!

आणि आता मला आणखी एक कळलंय. काल मंगळवारी सूनबाई टपालपेटीकडे गेली. मी गॅलरीतून बघत होतो. तिच्या हातात पाकीट होतं. अक्षर दिसलं नाही, हल्ली लांबचं अक्षर कोण वाचतंय. पण मी विचारल्यावर ती गोंधळली आणि आत्याबाईंना सहज लिहिलंय, असं म्हणाली. सहज! लग्नानंतरच्या अकरा वर्षांत तिने तुला सहज म्हणून एक ओळ लिहिली होती का? आता पट्ट्या आल्या आणि पाठोपाठ पाकीट गेलं. मी मुद्रितं तपासणारा माणूस आहे. दोन चुका शेजारी शेजारी पडल्या की त्या एकाच हाताच्या असतात.

तुम्ही दोघी मिळून माझ्याशी काय खेळताय? मला म्हातारा ठरवायचंय का? चिरंजीवाला मी सांगितलंय की छापखान्याच्या जुन्या फोरमनकडे एक खोली रिकामी आहे, महिनाअखेर मी तिकडे जातो. तिथे माझ्या पेटीला हात लावणारं कोणी नसेल. सूनबाई ओट्याकडे तोंड करून उभी राहिली.

तुझ्या सत्तरीचा वर्ग तिथून पाठवीन. नेमके डोळे केलेली ती तीन मुलं मात्र त्यातून वगळीन. ती माझी नाहीत.

दादा

---

१७ फेब्रुवारी

ती. आत्याबाईंस,

सा. न. वि. वि. तुम्हाला कधी पत्र लिहिलं नाही, त्यामुळे मायना चुकला तर सांभाळून घ्या.

बाबांबद्दल लिहायचंय. ते तुमच्याकडे माझी तक्रार करत असतील. करू देत. पण आत्याबाई, चोर मीच आहे. पेटी मी उघडते.

झालं असं, की महिन्याभरापूर्वी झाडताना झाकण सरकलं आणि पुढच्या रांगेतला एक मुलगा दिसला. त्याच्या डोळ्याचा बिंदू गालावर होता. दुसऱ्याचा कपाळावर. बाबा इतका श्वास रोखून, जीभ दातांत धरून ते काम करतात! मला वाटलं, तुमच्याकडे हे असं गेलं आणि कुणी बोललं, तर त्यांचं काय होईल. मग मी गालावरचा रंग ओल्या कापसाने टिपला आणि टाचणीच्या टोकाने डोळ्यात बिंदू टेकवला. माझ्या आईचं शिवणकाम होतं, बारीक कामाला हात बसलाय. अशी तीन मुलं केली. झाकणावरचा केस मला दिसलाच नाही हो. दंतोबाकाका त्या दिवशी नुसते बाक रंगवून गेले.

पांढऱ्या बाटलीला मात्र मी हात लावलेला नाही. ती पांढरीच आहे, मी रोज बघते. बाबा चहा बशीच्या बाहेर ओततात. जिन्याची शेवटची पायरी त्यांना सापडत नाही, मग पाय आपटून शोधतात. मी डोळ्यांचा शब्द काढला तर म्हणतात, आमच्या वडिलांचं डोळ्याच्या शस्त्रक्रियेने काय भलं झालं ते मी पाहिलंय, पुन्हा नाव काढू नको.

दंतोबाकाका अजूनही दर गुरुवारी त्यांच्या वेळेला येतात. वर येत नाहीत. समोरच्या दुकानाच्या बाकावर बसतात आणि तासाभराने जातात.

मी कबूल केलं तर बाबांना कळेल की मी का केलं, आणि ते त्यांना जास्त लागेल. नाही केलं तर काकांवरचा आळ राहतो. काय करू, तुम्हीच सांगा. यांनाही अजून सांगितलेलं नाही.

तुमचा लोभ आजवर मागितला नव्हता, आज मागते.

तुमची सून

---

२७ फेब्रुवारी

ती. दादास,

शि. सा. न., आज आठही अंगांनी.

सहा पट्ट्या सारख्या नव्हत्या, दादा. एक, चार आणि पाच पांढऱ्या होत्या. दोन, तीन आणि सहा मी स्वतः लोण्याच्या रंगाने रंगवल्या होत्या. माझ्या शेजारच्या सहा वर्षांच्या मुलीने बघताक्षणी वेगळ्या केल्या. पेपर खोटा नव्हता. तुला सहाही मळकट दिसल्या, कारण मळ तुझ्या भिंगात नाही, चष्म्यात नाही, खिडकीच्या काचेवर नाही. डोळ्यात आहे. बाटली कोणी बदलली नाही.

आता पत्र फेकू नकोस, पुढचं वाच. आमच्या रंगखात्यात एक बुजुर्ग मास्तर होते. माणसाने नुसतं बोट लावून रंगाचं नाव सांगावं! उतरत्या वयात त्यांनी पिवळट तागे पांढरे म्हणून पास करायला सुरुवात केली. आधी पाण्याला दोष दिला, मग रंगाला, मग मला. मी घरी येऊन रडले होते, तुला आठवत असेल. तूच तेव्हा म्हणालास, की त्या म्हाताऱ्याला कोणीतरी खरं सांगायला हवं. कोणी सांगितलं नाही. आम्ही सगळे त्यांचा मान ठेवत राहिलो. एक दिवस त्यांनी स्वतःच स्वतःच्या शर्टाची बाही ताग्याला लावून बघितली, आणि दुसऱ्या दिवसापासून ते आलेच नाहीत. मी तुझा तसा मान ठेवणार नाही.

वडिलांचं मला आठवतं. पट्टी सुटली आणि त्यांना काहीच दिसलं नाही, तेव्हा त्यांचा हात धरून मीच बसले होते. पण त्याला चोपन्न वर्षं झाली. तेव्हा तुझा छापखाना शिशाचे खिळे जुळवायचा, आता जुळवतो का? मी चौकशी केलीय. मोतीबिंदू सकाळी काढतात आणि दुपारी घरी सोडतात. मी येते. तुझा हात धरून बसते.

सूनबाईने मला लिहिलं हे खरं. तू चहा बशीबाहेर ओततोस, एवढं मी तुला सांगते. बाकीचं तिचं आणि माझं. फोरमनच्या खोलीत चहा कोण पुसणार?

आणि आता माझी अट. डोळे दाखवल्याशिवाय मला तुझा वर्ग नको. सत्तरी होऊन जाईल, जाऊ दे. तिसऱ्या कडव्यावर अडलास तेव्हा मी खिडकीशी उभी होते. आताही उभी आहे, ओठ हलवतेय. बघ तरी.

लोभ वाढला नाही तरी चालेल, तू ये म्हण.

ठिपकी

---

१६ एप्रिल

चि. ठिपकीस,

उत्तम आशीर्वाद. आज निवडायला काही ठेवलं नाही, सगळे उत्तमच आहेत.

तू परत गेल्याला आज वीस दिवस झाले. शस्त्रक्रियेनंतरचे थेंब घालायचे संपले. गेल्या आठवड्यात डॉक्टरांनी ब्रश हातात घ्यायची परवानगी दिली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला, खिडकीशी, मी पेटी उघडली.

आधी नवा उजवा डोळा मिटून जुन्या डाव्याने पाहिलं. तो माझा वर्ग होता, मला ठाऊक असलेला, दुपारच्या उन्हातला. मग डावा मिटला. ठिपके, एकतीस मुलं शाईच्या हौदात बुडवून काढल्यासारखी निळी! मास्तरांचं धोतर निळं, फळ्यावरचा खडू निळा. थंडीने गारठलेली शाळा. मी खूप हसलो, आणि मग खूप वेळ हसलो नाही. बाटली उघडली. आतला रंग इतका पांढरा होता की लाज वाटली. खिडकीची काचही स्वच्छ. ती रोजच स्वच्छ होती.

दंतोबाकडे टोपी घेऊन मीच गेलो. सांगितलं की चोर सापडला, माझ्याच कपाळाखाली राहत होता. तो म्हणाला की बासष्ट वर्षांत मी पहिल्यांदा चूक कबूल केली, तेव्हा तारीख लिहून ठेवायला हवी. मग म्हणाला की समोरच्या दुकानाचं बाक फार कडक आहे, एक गुरुवार जास्त झाला असता तर त्याने माझ्यावर फिर्याद केली असती. आकडा त्याने खिशातच ठेवला होता. सदरे आता आम्ही दोघं मिळून पुन्हा रंगवतोय. जुन्या रंगावर एकदम पांढरा बसत नाही, मध्ये करड्याचा एक पातळ हात द्यावा लागतो. तू सांगशीलच, म्हणून आधीच लिहिलं.

आता खरं सांगायचं ते. नव्या डोळ्याने मी चेहरे पाहिले. मागच्या दोन रांगांत माझे बिंदू. कुणाच्या गालावर, कुणाच्या भुवईत, एकाच्या तर कानाशी! पुढच्या रांगेत ते तिघं, नेमके. गुरुवारी केस पडला म्हणून मी गुरुवारी आलेल्या माणसाला धरलं. घरात रोज असणारं माणूस मोजायचं राहिलंच. त्याच दुपारी शर्टाचं बटण लावायला सूनबाईची सुयांची उशी घेतली. तिच्यात एका टाचणीच्या टोकावर काळा रंग वाळलेला होता.

मी उशी जागेवर ठेवली. काही विचारलं नाही. तुझी 'बाकीचं तिचं आणि माझं' ही ओळ तेव्हा कळली.

मग बाकीच्या मुलांचे डोळे मी स्वतः दुरुस्त केले. जमतंय. फक्त एक चेहरा कोरा ठेवला, तिसऱ्या बाकावर उभ्या असलेल्या माझा. पेटी बंद केली, शेजारी काळ्या रंगाची बाटली सैल झाकणाने ठेवली, ती टाचणी ठेवली, आणि झाकणावर एक केस आडवा चिकटवून फिरायला गेलो. दंतोबाला मुद्दाम लांबच्या रस्त्याने नेलं.

परत आलो तर केस नव्हता. सूनबाई ओट्याशी होती, आणि पाठमोरी असूनही मला वाटलं, ती ऐकतेय. मी झाकण उघडलं. मला डोळे मिळाले होते. पण ते मास्तरांकडे बघत नव्हते, पुस्तकाकडेही नाही. बिंदू अगदी डावीकडे, कोपऱ्यात सरकवलेले होते. मी खिडकीकडे बघतोय.

मी तिला म्हणालो की चहा कर, आणि आज बशी नको. ती एवढंच म्हणाली, की बशी ठेवते, सवय आहे. दोघं मिळून प्यालो.

खोलीचं फोरमनला नाही म्हणून कळवलंय. वर्ग तुला मेमध्ये मिळेल. तुझा सदरा मात्र मी परत पांढरा केलेला नाही, तेवढा निळसरच राहू दे. माझ्या खोटेपणाचा एक नमुना तुझ्या दप्तरी असावा.

आता शेवटचा संशय. खिडकीतल्या तुझी, तिसऱ्या कडव्याची गोष्ट मी घरात कधीही कुणाला सांगितलेली नाही. मग त्या मुलाने कुठे बघायचं, हे सूनबाईला कोणी सांगितलं? माझा आळ थेट तुझ्यावर आहे. केस चिकटवणं आता बंद केलंय, तेव्हा पुरावा काही नाही. तूच कबूल कर.

तुझा लोभ लेखी आलेला जपून ठेवलाय. आता आणखी एक पान लागेल.

दादा